भंगारातले विमान : ‘स्वॅट कॅट्स’, हथखोज आणि एक राहून गेलेला धडा

२३ जून २०२४ रोजी कर्नाटकातील चित्रदुर्ग जिल्ह्यात इस्रोचे ‘पुष्पक’ हे पंखधारी यान साडेचार किलोमीटर उंचीवरून हेलिकॉप्टरने सोडले आणि ते ताशी ३२० किलोमीटरहून अधिक वेगाने धावपट्टीवर स्वतःहून उतरले. त्या बातमीतले एक वाक्य अनेकांच्या नजरेतून निसटले. मार्चमधील चाचणीत उतरलेल्या यानाचाच सांगाडा आणि त्याच उड्डाणप्रणाली, कोणताही फेरफार न करता, या वेळी पुन्हा वापरल्या होत्या. एकदा वापरलेली वस्तू टाकून न देता पुन्हा उडवायची, हे वाचताना मला आठवले ते दोन बोके.

ज्यांचे बालपण नव्वदीच्या अखेरीस गेले त्यांना नावे सांगण्याची गरज नाही. इतरांसाठी थोडा इतिहास. ‘स्वॅट कॅट्स’ ही ख्रिस्तियन आणि इव्हों ट्रेम्बले या बंधूंनी निर्माण केलेली हॅना-बार्बेराची मालिका सप्टेंबर १९९३ मध्ये अमेरिकेत सुरू झाली आणि १९९५ मध्ये आटोपली. उणीपुरी दोन वर्षे आणि पंचवीसच्या आसपास भाग, एवढेच तिचे आयुष्य. त्याच १९९५ साली कार्टून नेटवर्क भारतात आले. जन्मभूमीत अकाली बंद पडलेली ही मालिका आपल्याकडे पुनःपुन्हा दाखवली गेली आणि एका पिढीच्या मनात तिने कायमचे घर केले. तिचा इथला जन्मच मुळी पुनर्वापरातला, असे म्हणायला हरकत नाही.

कथा अशी. चान्स आणि जेक हे मेगाकॅट सिटीच्या ‘एन्फोर्सर्स’ दलातले वैमानिक. कमांडर फेरलच्या हट्टापायी त्यांचे विमान दलाच्याच मुख्यालयावर कोसळते. नुकसानभरपाई म्हणून दोघांची रवानगी शहराच्या भंगारखान्यात होते. तिथे ते लष्कराने टाकून दिलेल्या सुट्या भागांतून ‘टर्बोकॅट’ नावाचे जेट विमान उभारतात आणि मुखवटे चढवून शहराचे रक्षण करू लागतात.

माझे बाबा भिलाईजवळच्या हथखोज औद्योगिक क्षेत्रातील एका छोट्या कारखान्यात फोरमन होते. घरात मराठी, गल्लीत हिंदी-छत्तीसगढी आणि हवेत लोखंडाचा वास, असे आमचे जग. सोव्हिएत सहकार्याचा करार १९५५ मध्ये झाला, ४ फेब्रुवारी १९५९ रोजी राष्ट्रपती राजेंद्र प्रसादांनी पहिल्या झोतभट्टीचे उद्घाटन केले आणि भिलाई हे पोलादाचे गाव झाले. अशा गावात भंगाराला कोणी कचरा म्हणत नाही. काल जे कातरले, ते उद्या भट्टीत जाऊन पुन्हा पोलाद होते. त्यामुळे भंगारखान्यात विमान तयार होते, हे पटायला मला मुळीच प्रयास पडले नाहीत. हथखोजच्या प्रत्येक पत्र्याच्या कुंपणामागे एक टर्बोकॅट दडलेले आहे, अशी माझी खात्रीच होती.

पुढे भौतिकशास्त्र शिकलो आणि शंका येऊ लागल्या. पहिली शंका व्यावहारिक. भंगारखान्याखालून जेट विमान रोज गर्जत बाहेर पडते आणि शेजाऱ्यांना पत्ता नाही? हथखोजमध्ये एखादा ट्रक मागे घेतला तरी चार कारखान्यांतली माणसे दाराशी येतात. त्या भूमिगत हँगरचे वीजबिल कोण भरत होते, हाही प्रश्न लेखापरीक्षणाच्या दृष्टीने अनुत्तरितच आहे.

दुसरी शंका जैविक. एका भागात डॉक्टर व्हायपर एका गुन्हेगाराचे रूपांतर अवाढव्य जिवाणूत करतो. जिवाणूला तोंड नसते, रक्ताभिसरणही नसते. अन्नाचे रेणू त्याच्या शरीरात केवळ विसरणाने पसरतात आणि त्याला लागणारा वेळ लांबीच्या वर्गाच्या प्रमाणात वाढतो. एक मायक्रोमीटरच्या जिवाणूत लहान रेणू एका मिलिसेकंदाच्या आतच पलीकडे पोहोचतो. तोच जिवाणू दहा मीटरचा केला, तर लांबी एक कोटी पट होते आणि वेळ एक कोटीच्या वर्गाइतका पट, म्हणजे सुमारे सोळाशे वर्षे. वाकाटकांच्या काळात घेतलेला घास त्याच्या दुसऱ्या टोकाला आज पोहोचला असता! निसर्गालाही हे गणित चुकलेले नाही. ग्वादलूपच्या खारफुटीत सापडलेला, २०२२ मध्ये जगासमोर आलेला ‘थायोमार्गारिटा मॅग्निफिका’ हा जिवाणू सुमारे एक सेंटिमीटर लांब आहे, पण त्याचा गाभा बहुतांशी पोकळ पोतडीने व्यापलेला असतो आणि सारी जिवंत कामे कडेच्या पातळ थरात चालतात.

तिसरी शंका मात्र माझ्यावरच उलटली. बोक्यांच्या मोटारसायकलचे नाव ‘सायक्लोट्रॉन’. विद्यार्थिदशेत मी यावर मनसोक्त हसलो. १९७७ पासून चालणाऱ्या कोलकात्याच्या सायक्लोट्रॉनच्या चुंबकाचा ध्रुवव्यास २२४ सेंटिमीटर आहे. त्यावर मांड ठोकून कोण बसणार? मग चंदीगडची हकीकत वाचनात आली. अमेरिकेतील रॉचेस्टर विद्यापीठाने १९३० च्या दशकात बांधलेला एक सायक्लोट्रॉन तिथे निकामी ठरला. तो १९६७ मध्ये पंजाब विद्यापीठाला मिळाला, जहाजाने आला आणि प्रा. एच. एस. हंस व त्यांच्या सहकाऱ्यांनी तो पुन्हा उभा केला. दुसऱ्यांनी मोडीत काढलेल्या या यंत्रावर इथल्या विद्यार्थ्यांनी अणुकेंद्राचे भौतिकशास्त्र शिकले. म्हणजे चान्स आणि जेक खरेच होऊन गेले होते. फक्त त्यांना मुखवटे नव्हते आणि विमानाऐवजी त्यांनी त्वरक उडवला.

इथे थांबलो असतो, तर हा लेख नुसत्या कौतुकाचा झाला असता. परंतु मालिकेने एक गोष्ट कधीच दाखवली नाही. तिच्या भंगारखान्यात कोणीही आजारी पडत नाही.

दिल्ली विद्यापीठाच्या रसायनशास्त्र विभागात १९६८ मध्ये घेतलेले एक गॅमा-प्रारण यंत्र कित्येक वर्षे वापराविना पडून होते. २०१० च्या आरंभी ते लिलावात भंगार म्हणून विकले गेले आणि मायापुरीच्या बाजारात पोहोचले. तिथल्या माणसांनी ते उघडले. आत कोबाल्ट-६० होते. त्याचा अर्धायुकाल ५.२७ वर्षे, म्हणजे बेचाळीस वर्षांत सुमारे आठ अर्धायुकाल उलटले होते. मूळ किरणोत्सारापैकी जेमतेम अडीचशेवा हिस्सा उरला होता. तेवढाही एका माणसाचा जीव घ्यायला आणि इतर अनेकांना जबर इजा करायला पुरेसा ठरला.

ते यंत्र ज्या विद्येचे होते, त्या विद्येची पदवी माझ्यापाशी आहे. ज्या हातांनी ते उघडले, तसले हात मी लहानपणी हथखोजमध्ये रोज पाहिले आहेत. म्हणून ती बातमी मला आजही परकी वाटत नाही. चूक त्या हातांची नव्हती. पिवळ्या रंगावरच्या तीन पात्यांच्या खुणेचा अर्थ त्यांना कोणी सांगितला नव्हता. त्या खुणेकडे पाहून अडाण्यालाच काय, शिकलेल्यालाही पंखा आठवेल. म्हणूनच आंतरराष्ट्रीय अणुऊर्जा संस्थेने २००७ मध्ये कवटी आणि पळणारा माणूस दाखवणारे लाल रंगाचे नवे पूरक चिन्ह आणले.

या मालिकेवर माझे प्रेम आजही तेवढेच आहे. टाकलेल्या वस्तूत उद्याचे यंत्र पाहण्याची दृष्टी मला तिने दिली, आणि ‘पुष्पक’च्या बातमीने ती सार्थ ठरवली. पण पुनर्वापराची पहिली अट म्हणजे वस्तूचा पूर्वेतिहास ठाऊक असणे. इस्रोला आपल्या यानाच्या प्रत्येक खिळ्याचा इतिहास माहीत असतो. मायापुरीच्या कामगाराला समोरच्या पेटीचा काहीच माहीत नव्हता.

तेव्हा प्रयोगशाळांत काम करणाऱ्या मित्रांना एक विनंती. आपल्या विभागाच्या अडगळीत जुने, झाकलेले, नाव विसरलेले यंत्र असेल, तर ते विकण्याआधी त्याची नोंदवही शोधा. ती सापडली नाही, तर यंत्र हलवू नका, अणुऊर्जा नियामक मंडळाला कळवा. आणि ज्यांच्या ओळखीत भंगाराचा व्यवसाय करणारे कोणी असेल, त्यांनी आज घरी जाताना ती दोन्ही चिन्हे त्यांना दाखवा. पाच मिनिटांचे काम आहे. दोन्ही बोक्यांनी तेवढे नक्कीच केले असते.