एकाच घरातले दोन उमेदवार

आपल्याकडे मित्रपक्षांचे उमेदवार समोरासमोर आले की त्याला 'मैत्रीपूर्ण लढत' म्हणतात आणि ऐकणारे गालातल्या गालात हसतात. पण दोन्ही उमेदवार एकाच पक्षाचे, आणि तिसरा कुणी रिंगणातच नाही, असं झालं तर? अमेरिकेतल्या कॅलिफोर्निया राज्यात २०१६ साली तसं घडलं, आणि तेही सिनेटच्या जागेसाठी.

सिनेट म्हणजे अमेरिकी संसदेचं वरिष्ठ सभागृह. राज्य लहान असो वा मोठं, त्याचे सदस्य दोनच आणि मुदत सहा वर्षांची. पूर्वी हे सदस्य राज्यांची विधिमंडळं निवडत. १९१३ सालच्या सतराव्या घटनादुरुस्तीनं तो अधिकार थेट मतदारांकडे आला. तेव्हापासून प्रत्येक पक्षानं आधी आपल्या घरात उमेदवार ठरवायचा आणि मग मैदानात उतरायचं, अशी साधारण रीत पडली.

कॅलिफोर्नियानं ही रीत मोडली. त्याची कथा मोठी गमतीची आहे. २००९च्या फेब्रुवारीत राज्याचा अर्थसंकल्प अडला होता. तिथं त्या वेळी अर्थसंकल्पाला दोनतृतीयांश मतं लागत. एबेल माल्डोनाडो या रिपब्लिकन आमदाराचं मत मोलाचं ठरलं, आणि त्यांनी त्याची किंमत मागितली: प्राथमिक निवडणूक सर्वांना खुली करण्याचा प्रस्ताव जनतेपुढे ठेवा! राज्यपाल अर्नोल्ड श्वार्झनेगर यांचा त्याला पाठिंबा होता. दोन्ही मोठ्या पक्षांचा मात्र कडाडून विरोध. तरीही जून २०१०मध्ये सुमारे ५४ टक्के मतदारांनी तो मंजूर केला.

नियम सोपा होता. पहिल्या फेरीत सर्व पक्षांचे उमेदवार एकाच मतपत्रिकेवर. पक्ष कोणताही असो, पहिले दोघे अंतिम फेरीत. कोऱ्या जागेत मनातलं नाव लिहिण्याची सोयही अंतिम फेरीतून गेली. उमेदवाराला विरोधी पक्षाच्या मतदारांचंही मन जिंकावं लागेल, म्हणून मवाळ माणसं निवडून येतील, अशी पुरस्कर्त्यांची आशा होती.

बार्बरा बॉक्सर यांनी निवृत्तीचा निर्णय घेतला आणि २०१६ साली त्यांची जागा मोकळी झाली. जूनच्या पहिल्या फेरीत तब्बल ३४ उमेदवार होते. रिपब्लिकनांची मतं अनेक नावांत विखुरली. पहिल्या आल्या राज्याच्या महाधिवक्ता कमला हॅरिस, दुसऱ्या काँग्रेस सदस्य लोरेटा सांचेझ. दोघीही डेमोक्रॅट. थेट निवडणुकीच्या इतिहासात प्रथमच कॅलिफोर्नियाच्या सिनेट लढतीत अंतिम मतपत्रिकेवर रिपब्लिकन नाव नव्हतं.

राज्यातला पक्ष आणि अध्यक्ष ओबामा हॅरिस यांच्या पाठीशी उभे राहिले. नोव्हेंबरमध्ये हॅरिस यांना सुमारे ६२ टक्के मतं मिळाली. भारतातून शिकायला आलेल्या श्यामला गोपालन यांची ही मुलगी सिनेटमध्ये पोहोचली. पुढे २०२१ साली उपाध्यक्ष झाली, आणि २०२४ साली अध्यक्षपदाची निवडणूक हरली.

मला मात्र विजयापेक्षा दुसरा आकडा महत्त्वाचा वाटतो. त्याच दिवशी, त्याच राज्यात अध्यक्षपदासाठी जेवढी मतं पडली, त्यापेक्षा सिनेटसाठी सुमारे १९ लाख मतं कमी होती. मतदारांनी मतपत्रिका हाती घेतली, आणि एवढीच जागा कोरी ठेवली. आपल्याकडे २०१३पासून 'नोटा'चं बटण आहे. त्यांनी कोऱ्या जागेलाच नोटा केलं म्हणा ना!

२०१८ साली पुन्हा तेच. ज्येष्ठ सिनेटर डायन फाइनस्टाइन यांच्यासमोर त्यांच्याच पक्षाचे केव्हिन डी लिओन. राज्यातल्या पक्षाच्या कार्यकारिणीनं पाठिंबा दिला तो डी लिओन यांना, तरी सुमारे ५४ टक्के मतं घेऊन फाइनस्टाइन जिंकल्या. गंमत अशी, की डी लिओन अधिक डावे, पण अनेक सनातनी ग्रामीण परगण्यांत तेच पुढे राहिले. तिथल्या रिपब्लिकनांचा राग फाइनस्टाइन यांच्यावर जुना होता. हाती असलेलं मत त्यांनी तो राग काढायला वापरलं.

२०२४ साली उमेदवारही शहाणे झाले. डेमोक्रॅट ॲडम शिफ यांनी पहिल्या फेरीत भरपूर पैसा ओतून रिपब्लिकन स्टीव्ह गार्वी यांच्यावर टीकेच्या जाहिराती केल्या. त्यानं गार्वींचं नाव रिपब्लिकनांच्या घराघरांत पोहोचलं, ते दुसरे आले आणि शिफ यांच्याच पक्षाच्या केटी पोर्टर मागे पडल्या. अंतिम लढत शिफ यांना सोपी गेली. पक्षांची पकड सुटावी म्हणून केलेल्या नियमातून प्रतिस्पर्धी निवडण्याची नवी युक्ती जन्मली.

म्हणून हा नियम वाईटच, असं मी म्हणणार नाही. जिथं एका पक्षाचा विजय ठरलेलाच असतो, तिथं खरी निवड पक्षाच्या बैठकीत न होता सगळ्या मतदारांपुढे होते, हे काही थोडं नव्हे. पण मतदाराला दोन नावं दिली म्हणजे निवड दिली असं होत नाही. त्या १९ लाख कोऱ्या जागा हेच सांगतात.