उडणारी मुंगी आणि हसणारी मुक्ताई : तापीकाठच्या जागेपणाची कथा

एक मुंगी आकाशात झेपावते आणि थेट सूर्यालाच गिळते. विंचू पाताळात उतरतो, तर प्रत्यक्ष शेष त्याच्या पायांवर माथा टेकवतो. माशीच्या पोटी घार जन्मते. तेराव्या शतकातील मुक्ताबाईंच्या नावावर असलेल्या एका प्रसिद्ध कूट अभंगातले हे जग आहे. कीर्तनकार आणि टीकाकार शतकानुशतके या मुंगीचा अर्थ लावत आले आहेत. कुणी तिला जीव म्हणतो, कुणी सूक्ष्म झालेली वृत्ती. पण अभंगाच्या शेवटी आणखी एक पात्र उभे आहे, त्याच्याकडे लक्ष कमी जाते. हा सारा प्रकार पाहून हसणारी खुद्द मुक्ताई.

स्वप्न चालू असतानाच ‘हे स्वप्न आहे’ असे उमगणे, याला आज ‘ल्युसिड ड्रीम’ म्हणतात. हा शब्द रूढ केला तो डच मनोविकारतज्ज्ञ फ्रेडरिक व्हान एडन यांनी, १९१३ साली. (टागोरांची ‘गीतांजली’ डच भाषेत नेणारे तेच.) स्वप्नात उडू लागणे ही बहुधा अशा जागृत स्वप्नाची चाहूल असते, असे त्यांनी स्वानुभवावरून नोंदवले. पुढे १९७५ मध्ये इंग्लंडमधील हल विद्यापीठात कीथ हर्न यांच्या प्रयोगात झोपलेल्या माणसाने डोळ्यांच्या ठरलेल्या हालचालींनी स्वप्नातून खूण केली, आणि या अवस्थेला प्रयोगशाळेचा पुरावा मिळाला. अशी जाग अनेकदा एखाद्या अशक्य दृश्यामुळे येते. ते खटकते, आणि पाहणारा आतल्या आत सावध होतो.

अभंगाची घडण याच वळणाची आहे. म्हणून मुक्ताबाईंनी आपले स्वप्न लिहून ठेवले, असा निष्कर्ष मात्र काढता येणार नाही. अभंगात झोपेचा उल्लेखच नाही. तिथे कल्पित ठरते ते जागेपणीचे जग, आणि हसू येते ते कल्पित ओळखल्यावर.

या हसण्याला खानदेशात एक प्रतिपक्ष होता. आजच्या जळगाव जिल्ह्यात, मुक्ताईनगर तालुक्यात, तापी-पूर्णेच्या संगमावर चांगदेव नावाचे गाव आहे आणि तिथे योगी चांगदेवांचे प्राचीन दगडी मंदिर. (याच जिल्ह्यात चाळीसगावजवळच्या पाटण्याला दुसरे चांगदेव होऊन गेले. ते भास्कराचार्यांचे नातू, यादव राजा सिंघणाचे ज्योतिषी. आजोबांचे ग्रंथ शिकवण्यासाठी त्यांनी काढलेल्या मठाची नोंद शके ११२८ च्या शिलालेखात आहे. दोघांची गल्लत करू नये.)

योगी चांगदेव हे सिद्धींचे धनी. पतंजलींच्या योगसूत्रांतील विभूतिपादात आकाशगमनाची सिद्धी सांगितली आहे आणि सिद्धी समाधीत आड येतात हा इशाराही तिथेच आहे. ज्ञानेश्वरीच्या सहाव्या अध्यायात योगी वाऱ्यावर स्वार होतो, पाण्यावरून पाऊल न भिजता चालतो आणि मुंगीच्या मनातलेही ओळखतो. म्हणजे उड्डाण आणि मुंगी या दोन्ही गोष्टी या भावंडांच्या घरात आधीपासूनच होत्या. मोठ्या भावाच्या ग्रंथात योगी मुंगीचे मन जाणतो. बहिणीच्या अभंगात मुंगीच उडते.

चौदाशे वर्षे काळाला चकवलेल्या चांगदेवांना ज्ञानेश्वरांना पत्र लिहायचे होते, ही कथा सर्वश्रुत आहे. ‘चिरंजीव’ लिहावे की ‘तीर्थरूप’, हे ठरेना, म्हणून त्यांनी कोराच कागद धाडला. इतकी वर्षे जगूनही हा कोराच राहिला, असे तो पाहून मुक्ताबाई म्हणाल्या. पुढे वाघावर बसून, हाती सापाचा चाबूक घेऊन चांगदेव निघाले, तेव्हा भावंडांनी बसली होती ती भिंतच चालवली. महिपतींच्या ‘भक्तविजया’ने (१७६२) अशा संतकथा घरोघरी पोहोचवल्या. चौदाशे वर्षे हा आकडा अर्थातच इतिहासाचा नव्हे. पण संन्याशाची पोर म्हणून वाळीत टाकलेल्या एका किशोरवयीन मुलीला चांगदेवांनी गुरू केले, हे परंपरेने जपून ठेवले, याचे मोल चालत्या भिंतीहून कितीतरी अधिक आहे.

कोऱ्या पत्राचे उत्तर म्हणजे पासष्ट ओव्यांची ‘चांगदेव पासष्टी’. तिच्यात सिद्धींचे कौतुक नाही. पाहणारा आणि दिसणारे हे एकच, एवढा एक धागा ज्ञानेश्वर धरतात, आणि शेवटाकडे झोपेपलीकडच्या झोपेची व जागेपणालाही गिळणाऱ्या जागेची भाषा बोलतात. गिळण्याची क्रिया इथेही आहे. मुंगीने सूर्य गिळणे हे याच विचाराचे, अधिक खट्याळ, रूप वाटते. चांगदेवांना उडता येत होते. पण उडणारा कोण, हे ठाऊक नव्हते.

शके १२१९ (इ.स. १२९७) च्या वैशाखात तापीतीरी मेहूण येथे वीज कडाडली आणि मुक्ताबाई अदृश्य झाल्या, असे परंपरा सांगते. त्यांची समाधी बांधलेली नाही. आहे ते अंतर्धानस्थान. जुने एदलाबाद आता त्यांच्याच नावाने मुक्ताईनगर झाले आहे. दरवर्षी ज्येष्ठात इथून मुक्ताईंची पालखी पंढरपूरला निघते. ती महिनाभराहून अधिक काळ चालते, पायी.