षड्दर्शने : एका गणनेचा इतिहास

१

भारतीय तत्त्वज्ञानाच्या पाठ्यपुस्तकाचा आरंभ बहुधा एका वर्गीकरणाने होतो. दर्शने दोन प्रकारची, आस्तिक व नास्तिक. न्याय, वैशेषिक, सांख्य, योग, पूर्वमीमांसा आणि वेदान्त ही सहा आस्तिक. चार्वाक, बौद्ध व जैन ही तीन नास्तिक. ही मांडणी इतकी अंगवळणी पडली आहे की, ती दर्शनांइतकीच प्राचीन असावी असा समज सहज होतो. वस्तुतः ‘सहा’ ही संख्या जुनी असली, तरी त्या सहांत कोणाची गणना करावयाची याविषयी प्राचीन व मध्ययुगीन ग्रंथकारांत एकमत नव्हते. हा प्रश्न केवळ नामावळीचा नाही. प्रमाण, आत्मा, कर्म, मोक्ष या मूलभूत संकल्पनांचा अर्थ कोणत्या वादांतून निश्चित झाला, हे कळण्यासाठी या गणनेचा इतिहास पाहणे अगत्याचे आहे.

२

कौटिलीय अर्थशास्त्रात राजपुत्राने शिकावयाच्या चार विद्यांत आन्वीक्षिकीला पहिले स्थान आहे. तिच्या पोटात सांख्य, योग आणि लोकायत अशी तीनच नावे येतात. यांतील ‘योग’ म्हणजे पातंजल योग की न्यायवैशेषिकाची पूर्वावस्था, याविषयी विद्वानांत मतभेद आहे. लोकायताचा समावेश मात्र निःसंदिग्ध आहे. जे मत पुढे निंदेचा विषय झाले, ते येथे बुद्धीला शिस्त लावणारी विद्या म्हणून सन्मानाने उल्लेखिलेले आहे.

सहांची गणना पुढे निरनिराळ्या प्रांतांत व पंथांत आढळते. मणिमेखलै या तमिळ बौद्ध काव्यात लोकायत, बौद्ध, सांख्य, नैयायिक, वैशेषिक व मीमांसा अशी सहा मते प्रमाणविचाराच्या संदर्भात सांगितली आहेत. आठव्या शतकातील जैन आचार्य हरिभद्राने तर आपल्या ग्रंथाला षड्दर्शनसमुच्चय हेच नाव दिले. त्याची सहा दर्शने म्हणजे बौद्ध, नैयायिक, सांख्य, जैन, वैशेषिक व जैमिनीय. न्याय व वैशेषिक यांत भेद न मानणाऱ्यांच्या मते पाचच दर्शने उरतात. त्यांनी सहावे म्हणून लोकायत घ्यावे, अशी तोडही त्याने सुचविली आहे. संख्या राखण्यासाठी सभासद बदलण्याची ही तयारी लक्षणीय आहे. या यादीत योग व वेदान्त यांना स्वतंत्र स्थान नाही. वेदान्त हरिभद्राला अज्ञात होता असे नव्हे; शास्त्रवार्तासमुच्चय या त्याच्या दुसऱ्या ग्रंथात अद्वैतमताचा परामर्श घेतलेला आहे.

नवव्या शतकातील काश्मिरी नैयायिक जयंतभट्ट हा वेदनिष्ठ; तरीही न्यायमंजरीत त्याने उल्लेखिलेल्या ‘षट्तर्की’त सांख्य, आर्हत, बौद्ध, चार्वाक, न्याय आणि वैशेषिक येतात. या सहांपैकी तीन मते आजच्या परिभाषेत ‘नास्तिक’ ठरतात. सारांश, जैन आणि वैदिक या दोन्ही परंपरांतील ग्रंथकारांच्या दृष्टीने सहांचे मंडळ म्हणजे वादसभेत ज्यांना उत्तर देणे भाग होते अशांचे मंडळ होते.

३

मराठी वाचकाला या स्थित्यंतराची खूण फार दूर शोधावी लागत नाही. शके १२१२ (इ. स. १२९०) मधील ज्ञानेश्वरीच्या प्रारंभी वाङ्मयरूप गणेशाचे जे रूपक आहे, त्यात षड्दर्शने म्हणजे त्या देवतेचे सहा हात होत. तर्क हा परशू, वेदान्त हा मोदक आणि धर्माची प्रतिष्ठा हा अभयहस्त. या रूपकातच एका हातातील मोडलेला दात बौद्धमताचा संकेत म्हणून आला असून, वार्तिककारांनी केलेल्या त्या मताच्या खंडनाशी त्याचा संबंध जोडलेला आहे. वेदान्ताला येथे महारसाचे स्थान मिळाले आहे, हे हरिभद्राच्या यादीपुढे ठेवून पाहिले म्हणजे मधल्या पाच शतकांचे अंतर ध्यानात येते. तथापि बौद्धमत खंडित होऊनही मूर्तीतून नाहीसे झालेले नाही. दर्शनांच्या हाती परस्परविरोधामुळे आयुधे आली, ही ज्ञानेश्वरांची कल्पना दर्शनांच्या वास्तविक इतिहासाशी जुळणारी आहे.

चौदाव्या शतकात विजयनगरच्या परिसरात रचलेला आणि परंपरेने माधवाचार्यांच्या नावावर असलेला सर्वदर्शनसंग्रह सहांची मर्यादा मानीतच नाही. चार्वाकापासून शांकरमतापर्यंत सोळा दर्शने त्यात क्रमाने मांडली आहेत. शैव, पाशुपत व प्रत्यभिज्ञा यांच्याबरोबर पाणिनीचे व्याकरण आणि पाऱ्याच्या साहाय्याने देह स्थिर करू पाहणारे रसेश्वरमत हीही तेथे दर्शने ठरली आहेत. मागील मताचे खंडन करीत पुढील मताकडे जाणारी ही चढण अद्वैतापाशी संपते.

सोळाव्या शतकातील मधुसूदन सरस्वतींच्या प्रस्थानभेदात दृष्टी पालटलेली दिसते. बौद्धांचे चार संप्रदाय, चार्वाक आणि दिगंबर अशी नास्तिकांचीही सहा प्रस्थाने मोजून त्यांनी ती वेदबाह्य म्हणून विचारातून वगळली. वेदानुकूल मतांचे पर्यवसान मात्र त्यांनी अद्वैतात केले. त्याच शतकात विज्ञानभिक्षूने सांख्य, योग व वेदान्त यांचा समन्वय साधण्याचा निराळा प्रयत्न केला. भांडणाऱ्या मतांचे एक कुटुंब बनविण्याची प्रवृत्ती येथे प्रबळ झाली. १८९९ मध्ये मॅक्स म्यूलर यांचा भारतीय तत्त्वज्ञानाच्या सहा पद्धतींवरील इंग्रजी ग्रंथ प्रसिद्ध झाला. आज रूढ असलेली सहा नावे विद्यापीठीय अभ्यासात स्थिर होण्यास अशा ग्रंथांचे मोठे साहाय्य झाले.

४

आस्तिक व नास्तिक या शब्दांचा अर्थही एकच राहिला नाही. पाणिनीने हे शब्द ‘आहे’ व ‘नाही’ अशा मतीवरून सिद्ध केले. टीकाकारांनी तेथे परलोकाचे अस्तित्व अभिप्रेत मानले. मनुस्मृतीत वेदाची निंदा करणारा तो नास्तिक. आधुनिक मराठीत ईश्वर न मानणारा तो नास्तिक. या तीन कसोट्यांची सरमिसळ झाली की गोंधळ अटळ होतो. ईश्वराची कसोटी लावली, तर जगत्कर्ता न मानणारी पूर्वमीमांसा व निरीश्वर सांख्य ही दोन्ही बाहेर पडतील. परलोकाची कसोटी लावली, तर बौद्ध व जैन आत येतील. हरिभद्राने त्यांना आस्तिकवाद्यांतच गणले आहे. वेदप्रामाण्याची कसोटी स्वीकारली, तरीही मीमांसकाचा अपौरुषेय वेद आणि नैयायिकाचा ईश्वरप्रणीत वेद यांतील अंतर उरतेच.

५

मूलभूत संकल्पनांकडे वळले असता हीच गोष्ट अधिक स्पष्ट होते. प्रमाणांची संख्या घ्यावी. चार्वाक केवळ प्रत्यक्ष मानतो. बौद्ध व वैशेषिक प्रत्यक्ष आणि अनुमान. सांख्य त्यांत शब्दाची भर घालतो. नैयायिक उपमान धरून चार मानतो. प्राभाकर मीमांसक अर्थापत्तीसह पाच. भाट्ट मीमांसक व अद्वैती अनुपलब्धीसह सहा. या क्रमात बौद्ध वैशेषिकाच्या पंक्तीला बसतो. आस्तिक-नास्तिकांची भिंत येथे कोठेच आढळत नाही.

आत्म्याचा विचार तर प्रतिपक्षावाचून समजणेच कठीण. डोळ्यांनी पाहिलेली वस्तूच आपण हाताने स्पर्शितो असे आपणांस कळते. दोन इंद्रियांच्या ज्ञानांना जोडणारा एक ज्ञाता त्यामुळे मानावा लागतो, असे न्यायसूत्रांचे म्हणणे आहे. यावर बौद्धाचे उत्तर असे की, क्षणिक ज्ञानांच्या संतानात पूर्वक्षणाचा संस्कार उत्तरक्षणात उतरतो. स्थिर आत्म्याची गरज नाही. नैयायिक प्रतिप्रश्न करतो : कार्यकारणभाव एवढाच पुरेसा असेल, तर गुरूच्या ज्ञानातून उपजलेल्या शिष्याच्या ज्ञानात गुरूच्या अनुभवाचे स्मरण का नसावे? दिङ्नागाने न्यायमतावर आघात केले, उद्द्योतकराने वार्तिक लिहून त्यांना उत्तर दिले, धर्मकीर्तीने पुन्हा बौद्धपक्ष सावरला. उदयनाचा आत्मतत्त्वविवेक हा या दीर्घ वादाचाच परिपाक होय.

कर्मसिद्धान्तात निराळीच विभागणी दिसते. केलेल्या कर्माचे फळ कालांतराने कसे मिळते, हा प्रश्न सर्वांपुढे समान होता. मीमांसकाने त्यासाठी अपूर्व कल्पिले, नैयायिकाने आत्म्याचा अदृष्ट हा गुण. बौद्धाने चेतनेला प्राधान्य दिले, तर जैनाने कर्म हे जीवाला चिकटणारे सूक्ष्म पुद्गलच मानले. प्रश्नच नाकारणारा चार्वाक तेवढा एकटा पडतो.

६

सहांची बंदिस्त यादी रूढ होण्यास ग्रंथांची अनुपलब्धी हेही एक कारण होते. जयंत किंवा उदयन यांच्या ग्रंथांत पूर्वपक्ष म्हणून येणारी अनेक बौद्ध मते दीर्घकाळ प्रतिपक्षाच्या शब्दांतूनच पाहावी लागत. विसाव्या शतकाने ही स्थिती पालटली. कौटिलीय अर्थशास्त्र १९०९ मध्ये छापले गेले. शांतरक्षिताचा तत्त्वसंग्रह १९२६ मध्ये आणि जयराशीचा तत्त्वोपप्लवसिंह १९४० मध्ये बडोद्याहून प्रसिद्ध झाला. धर्मकीर्तीच्या प्रमाणवार्तिकाची संस्कृत हस्तलिखिते राहुल सांकृत्यायनांनी तिबेटात शोधून काढली. वादातील एका पक्षाचा मूळ आवाज असा पुन्हा ऐकू येऊ लागला.

अभ्यासक्रमाच्या सोयीसाठी षड्दर्शनांची प्रचलित यादी ठेवण्यास हरकत नाही. परंतु ती यादी म्हणजेच इतिहास असे मानले, तर विद्यार्थ्याच्या हाती उत्तरे राहतात आणि ज्या प्रश्नांना ती दिली गेली ते प्रश्न निसटतात. न्यायाचे सूक्ष्मत्व बौद्धावाचून, मीमांसेचा आग्रह वेदप्रामाण्य नाकारणाऱ्यांवाचून आणि अनुमानाविषयीची सर्वांचीच दक्षता चार्वाकावाचून उलगडत नाही. पूर्वपक्ष आधी नीट मांडावा आणि मगच सिद्धान्त सांगावा, ही शिस्त या शास्त्रांनी स्वतःच घालून दिलेली आहे. त्यांच्या इतिहासाच्या अध्ययनालाही तीच लागू पडते.