संगमनेरचा शाहीर आणि बोलपटाचा लेखक

ज्युबिलीनिमित्त धर्मग्रामांतील जुनीं भजनें लिहून घ्यावयास आम्ही बसलों, तों कित्येकांचीं अर्धींच कडवीं हातीं लागलीं. उरलेलीं जाणणारीं माणसें देवाघरीं गेलीं होतीं. तेव्हां आमच्याच गांवच्या अनंत फंदींचें स्मरण झालें. हे शाहीर इ. स. १७४४ त येथें जन्मले व १८१९ त निवर्तले. आधीं तमाशांत गात. पुढें अहिल्याबाई होळकरांच्या बोधानें कीर्तनाकडे वळले, असें सांगतात. फटका म्हटला कीं आजहि त्यांचेंच नांव निघतें.

अशा शाहिरांचें जग पडद्यावर उतरविलें तें ग. दि. माडगूळकरांनीं. १९४७ सालच्या ‘लोकशाहीर रामजोशी’ ह्या बोलपटाचे ते लेखक. डफ, तुणतुणें, फडांतली चुरस, सारें त्यांत आलें. नायक मात्र सोलापूरचे! आम्हां संगमनेरकरांस ह्याचा किंचित् हेवा वाटतो, हें कबूल केलेंच पाहिजे.

ओवी-कीर्तन आम्हां ख्रिस्ती जनांस परकें नाहीं. येशूसंघीय फादर स्टीफन्स ह्यांचें १६१६ त छापिलेलें ख्रिस्तपुराण ओवीबद्धच आहे. तें छापिलें गेलें, म्हणून आम्हांपर्यंत पोंचलें. आमच्या भजनांची वही मात्र अजून अर्धी कोरी आहे. ज्या वडील मंडळींस पुढलीं कडवीं येत असतील त्यांनीं रविवारीं मिस्सेनंतर थांबावें, ही विनंति.