वाटाण्याचं रोप आणि 'रेखा'

सांगली म्हटलं की आपण 1843 पासून सुरुवात करतो. विष्णुदास भावे, 'सीता स्वयंवर' आणि त्यामागे उभे राहिलेले चिंतामणराव पटवर्धन. 1851 साली चिंतामणराव गेले, दरबारचा आधार सुटला आणि मंडळींना गावोगाव फिरून खेळ लावावे लागले. प्रयोगाचा खर्च कोण करणार, हा प्रश्न आपल्या भागात तेव्हापासूनचा. (आपला भाग म्हणजे सातारा आणि सांगली दोन्ही. 1949 ते 1960 सांगली जिल्ह्याचं नावच 'दक्षिण सातारा' होतं.)

आज इथली मुलं मोबाइलवर शॉर्ट फिल्म करतात. त्यांच्यासाठी 1912 ची गोष्ट. दादासाहेब फाळके विम्याची पॉलिसी गहाण टाकून लंडनला गेले, कॅमेरा घेऊन परत आले. पण कथापट काढायला भांडवल कुठाय? मग त्यांनी कुंडीत वाटाणा पेरला आणि महिनाभर त्याची वाढ टिपली. ती 'अंकुराची वाढ'. नट नाहीत, सेट नाही, कपडेपट नाही.

रोज एक फ्रेम घेतली, असं सगळीकडे सांगतात. आता जरा हिशेब करून बघा. सेकंदाला 16 फ्रेम धरल्या, तर 30 दिवसांच्या 30 फ्रेम 2 सेकंदांत संपल्या! रोप वाढताना नीट दिसायचं तर दिवसातून कितीतरी वेळा कॅमेऱ्यापाशी जावं लागलं असणार, असं आम्हाला वाटतं. पैशाची जागा वेळेनं भरून काढली ती अशी.

ही फिल्म पाहून यशवंतराव नाडकर्णींसारख्यांनी कर्ज दिलं आणि 1913 मध्ये 'राजा हरिश्चंद्र' आला. पण त्यामुळे एक खोडही लागली. वाटाण्याची फिल्म आपण फक्त 'हरिश्चंद्र'ची पायरी म्हणून लक्षात ठेवली. अजूनही पोरानं शॉर्ट फिल्म केली की लोक विचारतात, "छान आहे, पण पिक्चर कधी काढणार?"

सांगली जिल्ह्यातल्या शेखर बापू रणखांबे यांची 'रेखा' 2022 साली गोव्याच्या इफ्फीत, इंडियन पॅनोरमात दाखवली गेली. रस्त्याकडेला राहणारी बाई, अंगावर त्वचारोग. डॉक्टर म्हणतात, आंघोळ कर, मलम लाव. नवरा आंघोळ करू देत नाही. वस्तीतल्या बायका आंघोळ का टाळतात, हे तिला मग कळतं. एवढीच गोष्ट. अडीच तासांचा पिक्चर केला असता, तर तिची धार बोथट झाली असती.

बायकांचं ते कारण आम्ही इथे सांगत नाही. फिल्म बघा.