रुमाना हुसैन : फुटलेला घट

इतिहास म्हटला की आपल्याला राजे, लढाया, तह आठवतात. आज आपण एका कलावंत बाईचं काम बघणार आहोत. इतिहास माणसाच्या अंगावर कसा उमटतो, ते तिथे दिसतं.

रुमाना हुसैन यांचा जन्म १९५२ चा, बंगळूरचा. पुढे त्या मुंबईत राहिल्या. १९९२ पर्यंत त्यांची ओळख चित्रकार म्हणून होती. मग ६ डिसेंबर आला. अयोध्येत बाबरी मशीद पाडली गेली, आणि डिसेंबर-जानेवारीत मुंबई दोनदा पेटली. सरकारी आकड्याप्रमाणे ९०० माणसं मेली. तुमचं नाव काय, या साध्या प्रश्नाची त्या दिवसांत भीती वाटायची.

यानंतर रुमानांचा कुंचला मागे पडला. त्या फुटलेली मडकी, माती, आरसे मांडू लागल्या. आपल्याकडे देहाला घट म्हणायची जुनी रीत आहे, त्यामुळे हे काम वेगळं समजावून सांगावं लागत नाही. अर्धं मडकं जमिनीवर ठेवलं की ते घुमटासारखंही दिसतं. घुमट फुटला, घट फुटला. एकाच वस्तूत दोन्ही.

१९९५ मध्ये त्या मुंबईच्या एनसीपीएमध्ये स्वतःच प्रेक्षकांसमोर उभ्या राहिल्या. पायात घुंगरू, हातात कापलेली पपई, तोंड वासलेलं. पण आवाज नाही. आता प्रश्न असा, की हे चित्रातून सांगता आलं नसतं का? आलं असतं. पण चित्र भिंतीवर टांगून चित्रकाराला घरी जाता येतं. अंग मागे ठेवून जाता येत नाही. दंगलीत ज्यांना नावावरून हेरलं गेलं, त्यांनाही ती सोय नव्हती. भारतात स्वतःचं शरीर हेच माध्यम करणाऱ्या सुरुवातीच्या कलावंतांत रुमानांचं नाव घेतलं जातं, त्यामागे हे कारण आहे.

पुढचं पाऊल त्यांनी १८५७ कडे टाकलं. लखनौची बेगम हजरत महल इंग्रजांशी लढली, हरल्यावरही शरण गेली नाही, आणि १८७९ मध्ये काठमांडूला वारली. पाठ्यपुस्तकात तिच्या वाट्याला जेमतेम काही ओळी येतात. १९९७ मध्ये रुमानांनी तिची कबर कलादालनात मांडली. हा देश कुणी घडवला, असं विचारणाऱ्यांना दिलेलं ते उत्तर होतं.

तोवर त्यांना कर्करोगाने गाठलं होतं. १९९८ च्या एका सादरीकरणात त्यांनी मुसलमान स्त्रीबद्दल प्रश्नांमागून प्रश्न वाचले. उत्तर एकाचंही दिलं नाही. शेवटच्या मोठ्या मांडणीत दवाखाना, कबर आणि प्रार्थनेची जागा एकत्र आली. भिंतीवर गंजकी अवजारं अशी लावलेली, की दुरून ती लिपीच वाटावी. १९९९ मध्ये ती मांडणी ब्रिस्बेनच्या त्रैवार्षिक प्रदर्शनात लागली. त्याच वर्षी रुमाना गेल्या.

दंगलीचे अहवाल असतात, आकडे असतात. ते हवेतच. पण भीती अंगात कशी राहते, हे अहवालात येत नाही. ते बघायचं असेल तर अशी कामंही इतिहासाची साधनं म्हणून वाचायला शिकलं पाहिजे.