तळटीप : चिकूवाडीतला दमा

१. लेखक चिकूवाडीतल्या रात्रीच्या खोकल्याला सरसकट दमा म्हणतात. ते घाईचे वाटते. इओसिनोफिल या पांढऱ्या पेशी रक्ताच्या एका मायक्रोलिटरमध्ये साधारण ५००पर्यंत असतात. तीव्र दम्याच्या अनेक रुग्णांत त्या वाढून श्वासनलिकांच्या अस्तरात शिरतात, सूज आणतात, चिकट कफ वाढवतात; मेपोलिझुमॅबसारखी इंजेक्शने त्यांची संख्याच उतरवतात. पण ही चिकूवाडी घोलवडची, घोलवड पालघरात, आणि पालघर हा हत्तीरोगाचा जिल्हा. इओसिनोफिलांचा आकडा ३०००च्या वर गेला, तर डासांवाटे शिरलेल्या हत्तीरोगाच्या जंतांची शंका आधी घ्यावी. १९४३ साली वाइनगार्टन यांनी ‘लान्सेट’मध्ये ‘ट्रॉपिकल इओसिनोफिलिया’ म्हटले तो हाच विकार. त्यावर डीईसी या औषधाच्या गोळ्या साधारण तीन आठवडे देतात. – संपा.